केळ्याचा मांबा आणि कुळाची अब्रू

मसाका,
सोमवार, दुपारची जेवणं झाल्यावर

ती. एरिसादादा यांस,

धाकट्या एसेरीचा गुडघे टेकून नमस्कार. (दोन्ही टेकले आहेत असं समजावं. प्रत्यक्षात डावा टेकत नाही आणि उजवा टेकला की उठत नाही, म्हणून खुर्चीत बसून लिहिते आहे. पण मान खाली आहे. निदान या परिच्छेदापुरती तरी आहे.) तुमची रात्र कशी गेली, दिवस कसा गेला, वहिनींचा खोकला कमी झाला का, तांबडी गाय व्याली का, सरोवराचं पाणी अजून बागेपर्यंत येतं का? तुम्ही प्रत्येक वेळी ‘बरं आहे’ म्हणालात असं धरून पुढे जाते. आमच्याकडेही बरं आहे. शाळेला सुट्टी लागली, माझं रक्तदाबाचं औषध चालू आहे आणि नासूनाचा पुढचा दात पडला. तो कसा पडला, त्यावर पुढे येतेच.

तुमचा निरोप पोचला. निरोप घेऊन आलेल्या बोडावाल्याने तो माझ्या फाटकापाशी आपली भाड्याची मोटरसायकल चालू ठेवून, आणि ती चालू असल्यामुळे ओरडून सांगितला, म्हणजे तो आता सगळ्या गल्लीला पोचला आहे. आपलं कुळ मांबा, मांबा मासा हे आपलं देवक, देवक आपण खात नाही, आणि एसेरीने मात्र आपल्याच कुळाच्या मुलीला ते खाऊ घातलं. तेव्हा नासूनाला तिच्याकडे ठेवण्यात अर्थ नाही, शनिवारी मी स्वतः येऊन तिला गावी नेईन, असा तो निरोप. दादा, देवक म्हणजे काय हे तुम्ही मला बोडावाल्यामार्फत समजावलंत, जशी काही मी काल या कुळात आले. मी तुमच्या पाठोपाठ त्याच घरात, त्याच आईच्या पोटी जन्मले आहे. नासूना तुमची नात आहे, मान्य. तुम्ही कुळाचे वडीलधारे आहात, बैठकीत तुम्ही खाकरलात तरी लोक गप्प होतात, तेही मान्य. पण तिचे आईबाप परदेशी नोकरीला गेले तेव्हा तिला माझ्या ओसरीवर आणून सोडणारेही तुम्हीच होतात, आणि आता या घरात माझ्याआधी उठून बडबड सुरू करणारं माणूस तीच आहे. मी तिला पाठवणार नाही. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढचं पत्र तुम्ही निवांत वाचाल.

आता झालं काय ते माझ्याकडून ऐका, कारण तुम्ही ते दमालीकडून ऐकलं आहे. (दमाली म्हणजे माझी शेजारीण. चर्चच्या गायनात माझ्या शेजारी उभी राहते आणि सगळ्यांच्या एक ओळ पुढे गाते. बातम्यांच्या बाबतीतही तिचं तसंच आहे.) सुरुवात झाली कोपऱ्यावरच्या दुकानापासून. तिथे पाकिटात रबरासारखे गोड प्राणी मिळतात. लाल हत्ती, निळा सिंह आणि एक हिरवं काहीतरी, ज्याला दुकानदार पाणघोडा म्हणतो आणि पोरं बेडूक म्हणतात. गल्लीतली सगळी पोरं ते चघळत माझ्या फाटकासमोरून जातात, आणि फाटकाच्या आत फणस पिकून फुटतात, पपया पाखरं खातात, पेरूंचा सडा पडतो, तिकडे एक जण वळून बघत नाही. नासूनाचीही तीच गत. पपई समोर आली की तिचं पोट दुखायला लागतं, पाकीट दिसलं की राहतं. मी जन्मभर बालवाडीत शिकवलं, मला पोटदुखीचे सगळे प्रकार ओळखता येतात. म्हटलं, यांना प्राणी हवेत ना? प्राणीच देते. आणि शनिवारी सकाळी सगळ्यांना ओसरीवर बोलावलं.

तयारी अशी केली होती की बघत राहिला असतात. मोठी चटई, मधोमध केळीचं पान, त्यावर पपई, आंबे, फणसाचे गरे, अवोकाडो, अननस, बोटाएवढी गोड केळी, आणि डोळ्यांसाठी एका वाटीत पपईच्या काळ्या बिया. पोरांना बोथट सुऱ्या, धारेची माझ्या हातात. इथे माझी चूक झाली. (एकच. दमाली सांगते त्या बाकीच्या झालेल्याच नाहीत.) मी म्हणाले, ज्याला जो प्राणी आवडेल तो त्याने करावा. आता तुम्हीच सांगा, आपल्याकडच्या पोराला प्राणी म्हटल्यावर दुसरं काय सुचणार? त्याला स्वतःचं पूर्ण नाव धड सांगता येत नसतं, पण कुळ कुठलं विचारलं तर झोपेतही सांगतो. तेंडोचं कुळ हत्तीचं, त्याने अर्ध्या पपईचा हत्ती केला, आंब्याच्या फाकांचे कान, केळ्याच्या सालीची सोंड. कायीराचं रानरेड्याचं, त्याने काळ्या सालीचा अवोकाडो घेऊन त्याला फणसाच्या गऱ्याची शिंगं लावली. हाकीमचं नाकतोड्याचं, त्याने पेरूच्या हिरव्या फोडीला गवती चहाचे पाय टोचले. मिरेंबे रडायला लागली, कारण तिच्या कुळाचं देवक अळंबी, आणि अळंबी काही प्राणी नाही. (तीस पोरांच्या बालवाडीत मी असे प्रसंग चुटकीसरशी सोडवले आहेत. मी जाहीर केलं की आजच्या दिवसापुरती अळंबी हा प्राणी आहे.) आणि नासूनाने एक केळं सोललं, शेपटीकडे जरा चिरलं, दोन बिया चिकटवल्या. मांबा तयार. दादा, इतका हुबेहूब मांबा की मी त्याच्याकडे बघून अर्धवट नमस्कार केला.

मग मी म्हणाले, चला, खा. कुणी हात लावीना. सगळे आपापल्या प्राण्यासमोर मांडीवर हात ठेवून, बिशपसमोर बसावं तसे बसलेले. तेंडो म्हणाला, जज्जा, आम्ही हत्ती खात नाही. (आता सगळ्या गल्लीची मी आजी, म्हणजे जज्जा.) मी म्हणाले, अरे, ही पपई आहे. तो म्हणाला, मघाशी होती. मी विचारलं, रोज पाकिटातला लाल हत्ती खातोस तो चालतो? त्यावर तो शांतपणे म्हणाला की तो परदेशातला आहे, त्याचं कुळ कुणाला माहीत. हे पोरगं पुढे तुमच्या बैठकीत बसणार आहे, आत्ताच जागा राखून ठेवा.

घोडं अडलं ते तिथेच. शेवटी मी तोडगा काढला, प्रत्येकाने आपला प्राणी उजवीकडच्याला द्यायचा, म्हणजे कुणालाच स्वतःचं देवक खावं लागणार नाही. मला वाटलं, काय डोकं चालवलं! पण दुसऱ्याचं देवक त्याच्या डोळ्यांदेखत खायचं म्हणजे काय, ते पोरांना माझ्याआधी कळलं. कायीराने मिरेंबेच्या अळंबीचा तुकडा तोडताच तिने त्याच्या पाठीत बुक्की घातली. फक्त हाकीम स्थितप्रज्ञ. सध्या नाकतोड्यांचा मोसम, बसथांब्यावर तळलेल्या नाकतोड्यांचे वाडगे घेऊन बाया उभ्या असतात, सगळा गाव खातो आणि हे पोर दरवर्षी बघत बसतं. त्याने आपला नाकतोडा पुढे सरकवला आणि म्हणाला, खा, सगळे खातातच. मला त्या पोराला जवळ घ्यावंसं वाटलं, आणि घेतलंही. तेवढ्यात, म्हणजे माझी पाठ वळली असताना, नासूनाच्या शेजारी बसलेल्या तेंडोच्या हातात तिचा मांबा गेला, आणि मी वळून बघते तो मांबा नासूनाच्या तोंडात. शेपूट, डोळे, सगळं. एका घासात.

दमाली कुंपणापलीकडे कपडे वाळत घालत होती. (तिला शनिवारी कपडे फार असतात.) तिने किंकाळी फोडली. आणि रविवारी सकाळी नासूनाचा पुढचा दात पडला. तो दात ईस्टरपासून हलतो आहे, दादा. जिभेने ढकलून ढकलून तिने तो फाटकासारखा उघड-मीट करायला शिकवला होता. पण दमालीने चर्चच्या पायरीवर उभं राहून सांगितलं की देवक खाल्लं की दात पडतात, हा घ्या दात. मी तिला एवढंच विचारलं की तिचे पाच पडले आहेत, तिने काय काय खाल्लं? तेव्हापासून आम्ही बोलत नाही. गाण्यात मात्र ती अजूनही एक ओळ पुढे आहे.

तेव्हा आता माझी बाजू ऐका. केळं म्हणजे केळं. त्याला बिया चिकटवल्या म्हणून ते पाण्यात पोहत नाही, चिखलात झोपत नाही, गळाला लागत नाही. तुम्ही रोज सकाळी चहाबरोबर केळं खाता; त्याला डोळे नसतात एवढाच फरक, आणि डोळे नसलेल्याला खाणं काही मोठं पुण्य नाही. त्या पोरीने माझ्या घरी आल्यापासून पहिल्यांदा फळ खाल्लं आणि त्यानंतर राहिलेला अर्धा हत्तीही संपवला. (तेंडोच्या परवानगीने. रीतसर मागितली, गुडघे टेकून. हे तिला मीच शिकवलं आहे, कुळाचे रीतिरिवाज शिकवत नाही म्हणता ना?) तुम्ही बैठक बोलवा, मला उभी करा, मी येईन आणि बोलेन. येत्या शनिवारी ओसरीवर पुन्हा प्राणी होणार आहेत. सगळी कुळं येणार आहेत. दमालीचा नातूही येणार आहे, त्याने स्वतः कुंपणातून विचारलं.

वहिनींना नमस्कार. तांबड्या गायीला पाठीवर थाप.

तुमची धाकटी, आणि अजून न ऐकणारी,
एसेरी

ता. क. नासूनाला न्यायला येणारच असाल तर माझी एक अट आहे. आधी ओसरीवर सगळ्या पोरांसमोर बसून तुम्ही एक केळं खायचं. साधं केळं, सोललेलं, शेपटीकडे जरा चिरलेलं, दोन बिया चिकटवलेलं. खाल्लंत, तर ते केळंच आहे हे सिद्ध झालं, मग मुलीचा काही गुन्हा नाही आणि ती इथेच राहील. नाही खाल्लंत, तर तुम्ही सिद्ध कराल की माझ्या ओसरीवर खराखुरा मांबा तयार होतो, आणि एवढी विद्या ज्या घरात आहे तिथून मुलीला कोण नेतं?

ता. क. (दुसरा) पत्र बंद करायच्या आधी नासूनाला जवळ बसवून विचारलं, बाळ, मांबा आपलं देवक आहे हे तुला माहीत होतं ना? म्हणाली, हो. मग का खाल्लास? मी मंद आहे असं समजून तिने माझ्याकडे बघितलं. मग म्हणाली, “जज्जा, तेंडो म्हणाला, आमच्या घरी मांबा शेंगदाण्याच्या रश्शात खातात, आणि त्याने तोंड उघडलं. मी त्याला आपला मांबा खाऊ देणार होते का? माझ्या पोटात असला तर तो घरीच आहे.” यावर कुळाचा काय नियम आहे तो तुम्ही कळवा. मला सापडला नाही, आणि मला तो शोधायचाही नाही.

ता. क. (शेवटचा, मंगळवारी) आता खरं काम. वर इतकं लिहिल्यावर मला वाटलं, आपण स्वतः करून दाखवावं. म्हणून काल एक मांबा केला आणि खायला घेतला. दादा, तोंडापर्यंत नेला आणि हात थांबला. त्याने माझ्याकडे बघितलं. आज सकाळी पुन्हा प्रयत्न केला, पुन्हा तेच. आता तो कपाटावर बशीत आहे, वरून काळा पडत चालला आहे (त्यामुळे आणखीच खरा दिसतो) आणि मुंग्यांना त्याची बातमी लागली आहे. टाकवत नाही, पुरायचा तर कुठे ते कळत नाही, आणि दमालीला विचारणं शक्य नाही. तेव्हा शनिवारची वाट बघू नका, मिळेल त्या टॅक्सीने आजच या आणि वडीलधारे म्हणून त्याचं काय करायचं ते सांगा. नासूना म्हणते आहे, तुम्हां दोघांनाही जमत नसेल तर ती खाईल. घरातल्या कुणीतरी खायला हवा, मुंग्या काही आपल्या कुळातल्या नाहीत.