शेणाखालची फरशी

५ जानेवारी १९५९, अकोला
आज पुन्हा डाळ शिजली नाही. सकाळपासून चुलीवर, तरी दाणा इकडे न् पाणी तिकडे. विहीर दारातच आहे, पण पाणी खारं. गोडं पाणी पोस्टामागच्या नळावर, तिथून घागर आणता आणता खांदा कामातून जातो. कालची घागर पिण्यातच संपली. सासूबाई म्हणाल्या, "अमरावतीच्या पोरीले साधी डाळ येत नाही." अमरावतीत येत होती. पण बोलले नाही, इथं लिहून ठेवते.
गल्लीत बातमी: नगरपालिका सगळ्या घरांची नव्यानं पाहणी करून घरपट्टी ठरवणार. त्या पैशातून नवे नळ घालणार म्हणे. नळ सगळ्यांना हवा, पट्टी शेजाऱ्यानं भरावी.

७ जाने.
ओसरीवर अख्खी गल्ली जमली. हे वकील; फुकट सल्ला द्यायचा म्हटलं की ह्यांना भलताच हुरूप. "पट्टी दिसेल त्यावर बसते. दिसू देऊ नका." झालं, ठरलं. फरशा शेणानं सारवायच्या, विजेचे दिवे काढून कंदील टांगायचे.
माझी शहाबादी फरशी दिवाळीत घातलेली, एक पाटली मोडून. ती माझ्याच हातानं सारवली. ह्यांचा इतका राग आला की जेवायला वाढताना बोललेच नाही. ह्यांच्या लक्षातही आलं नाही.
शेण वेणूबाईकडचं. समोरच राहते, नदीकडे वांगी-मेथीचा मळा. टोपलं उतरवत म्हणाली, "साऱ्या गल्लीले माह्याच म्हशीचं शेण पुरून राह्यलं. गोवऱ्या काई थापू, कप्पाळ?"

९ जाने.
पट्टीवाले आले. गरीब माणूस, हातात फूटपट्टी. सा.बा. घोंगडीवर कण्हत पडलेल्या. सकाळी मला ओरडताना बऱ्या होत्या. पट्टीवाल्यांना कानतुटक्या कपात चहा. "घरात दिवे किती?" तर सा.बा. म्हणतात, "डोयेच गेले बापा, दिवे कायले पाहिजे?"
जाताना सकाळी पुन्हा दिलेल्या ओल्या सारवणावर पाय घसरला त्यांचा, खांब धरला म्हणून वाचले. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. सगळं मातीचं घर म्हणून लिहून गेले. संध्याकाळी ह्यांनी गल्लीला पेढे वाटले.

१६ जाने.
संक्रांतीला माहेरी अमरावतीला होते, आज परतले. आईनं डाळ टाकली, एका उकळीत मऊ. मी नुसता वरण-भात खाल्ला, तूपही नको म्हटलं.
बाबांना शेणाची गोष्ट सांगितली. हसून हसून ठसका लागला त्यांना. बाबा शाळामास्तर होते, पट्टी पहिल्या दिवशी भरतात आणि मग वर्षभर न.पा.शी भांडतात. ठसका थांबल्यावर म्हणाले, "पट्टी चुकवली, छान. आता तुझी डाळ कोण शिजवणार?"
परतीच्या गाडीत मूर्तिजापूरपर्यंत तेच डोक्यात. बाबांना काय जातं बोलायला. पण बोलले ते खरंच...

२ फेब्रु.
हे घरी आले ते टोपी न काढताच बसले. न.पा.चा ठराव झाला. जिथून पट्टी पुरेशी येते तिथं नळ आधी. आमची गल्ली 'मातीची घरं' म्हणून यादीत तळाला. पोस्टामागच्या गल्लीला दुसरा नळ!
वेणूबाई ह्यांना तोंडावर म्हणाली, "वकीलसाहेब, लय चांगलं लपवलं तुमी. न.पा.लेबी आपण दिसून नाई राह्यलो."
मला हसू आवरेना. ह्यांनी रागानं पाहिलं, मग स्वतःच हसले.

४ फेब्रु.
फरशी खरवडली. शेण वाळून दगड झालेलं, नखं गेली. खालून ती निघाली तेव्हा जीव थंड झाला.
ह्यांना म्हटलं, अकरा तारखेला न.पा.त हरकती ऐकायचा दिवस आहे, जा आणि पट्टी वाढवून मागा. म्हणाले, "वकील माणूस, मीच लपवलं असं सांगू? कोर्टात काय तोंड दाखवू?" खरंय त्यांचंही. घर सा.बां.च्या नावावर, तेव्हा त्यांनाच जायला हवं. आणि सा.बा. तर चिंधीसुद्धा फेकत नाहीत.

६ फेब्रु.
आज मुद्दाम पुरण घातलं, विहिरीच्या पाण्यात. जसं व्हायचं तसंच झालं. सा.बां.नी एक घास घेतला, दातात कण. मग म्हणाल्या, "मेल्यावर तोंडात पाणी घालसान तेबी खारंच घालसान काय वो?" मी म्हटलं, पोस्टामागून आणीन. "नको. चल, कुठं अंगठा मारायचा सांग."

११ फेब्रु.
न.पा.त गेलो. सा.बा., मी, वेणूबाई आणि गल्लीतल्या सगळ्या बायका. साहेबांनी न बघताच विचारलं, "पट्टी जास्त बसली ना?" सा.बा. म्हणाल्या, "नाही. कमी बसली." तेव्हा वर पाहिलं त्यांनी.
फरशीची हकिगत सांगितली. साहेब म्हणाले, "शेण लावायचा सल्ला दिला कोणी?" सगळ्या छताकडे पाहायला लागल्या. वेणूबाई शांतपणे म्हणाली, "म्हशीनं, जी."
साहेब हसले आणि पुन्हा पाहणी लिहून दिली. घरी येऊन सांगितलं तर हे म्हणाले, "म्हशीची फी किती झाली?" पोतंभर पेंड पाठवा म्हटलं तिला.

१७ फेब्रु.
तेच पट्टीवाले पुन्हा आले. या वेळी दारातच फरशी पायानं चाचपली. भर दुपारी घरात सगळे दिवे लागलेले. सा.बा. पुढे पुढे, "हे कपाट लिहा, हा कडीकोयंडा लिहा, पितळी हाय." त्यांना संशय आला, "आजी, दिवे उसने तर नाहीत आणले?" सा.बा. अशा चिडल्या! चहा मात्र चांगल्या कपात दिला.

३ मार्च
पट्टीचा कागद आला. ह्यांनी दोनदा वाचला, घडी करून खिशात ठेवला, जेवले नाहीत नीट. मला वाईट वाटलं, पण फार नाही.
गल्लीच्या तोंडाशी मजूर खणताहेत. इथून नळी आमच्याकडे वळणार की सरळ पुढच्या गल्लीत? मुकादमाला विचारलं तर म्हणतो, "वरून हुकूम आला का मंग."
संध्याकाळी सा.बा. दिसेनात. पाहते तर रिकामी घागर नेऊन खड्ड्याच्या कडेला ठेवताहेत. नंबर लावला म्हणाल्या. मी रात्रीची डाळ निवडून ठेवली आहे, खाऱ्या पाण्यात भिजत घातलेली नाही.