सुटला

प्रिय दादा,

कोर्टाने तुझी 'निर्दोष मुक्तता' केली, पण गल्लीत सगळे 'सुटला' म्हणायचे, जणू तू गुन्हा करून निसटलास. ते ऐकवेना म्हणून तू घर सोडलंस. बाबा मात्र शिलाई मशीन थांबवून प्रत्येक गिऱ्हाइकाला सांगायचे, "सुटला नाही हो, निर्दोष मुक्तता झाली त्याची." गिऱ्हाइकं तुटली, तरी त्यांनी हेका सोडला नाही.

लांबलेल्या आजारपणानंतर काल बाबा गेले. शेजारच्या काकू मला जवळ घेऊन म्हणाल्या, "सुटले गं बिचारे."

"सुटले नाहीत, काकू," मी म्हटलं. "शेवटपर्यंत दादाची वाट बघत होते."

काकू हळूच म्हणाल्या, "त्याला कुठे कळवायचं गं?"

तुझा पत्ता मलाही ठाऊक नाही, दादा.

तुझीच,
छोटी