देवांच्या टोपलीतला पुंजाजी

मुक्काम अकोला, माघ वद्य पंचमी

तीर्थरूप बाबांच्या चरणी उमाचा नमस्कार.

आम्ही दोघे खुशाल आहोत. तूप इथे फार महाग, म्हणून ताकावर भागवते. हे आईला सांगू नका. तिचा खोकला कसा आहे?

कापसाचा भाव चढल्यापासून इथे चराईची रानेही नांगरली गेली. धनगर आता डोंगराकडे निघालेत. ते जाण्याआधी त्यांची चित्रे काढावीत, असे इथल्या गोऱ्या साहेबांनी ह्यांना सांगितले आहे.

ह्यांनी म्हातारा पुंजाजी मेंढी कातरताना काढला, तो हुबेहूब उतरला. त्याची सून ठकी चित्र बघायला म्हणून घेऊन गेली आणि फुले वाहून देवांच्या टोपलीत ठेवून बसली! त्यांच्यात वारलेल्या वडीलमाणसाचा चांदीचा टाक करून देवांत बसवतात. पण हा तर जिवंत आहे.

चित्र परत आणायला ह्यांनी मला पाठवले. ठकी म्हणाली, "टोपलीत बसला तो देव, बाई. देवाले कोनी वापस मांगते का?" माझेच हात जोडले गेले.

होळीआधी साहेबांचा माणूस येईल. चित्र नसेल तर हे काम जाईल. उचलावे तर पाप वाटते, आणि जिवंत माणसाला मी देव का मानावे तेही कळत नाही.

शेवटी पुंजाजीलाच म्हटले, "बाबा, पुन्हा एकदा चित्राला बसा."

तो हसला. "मी तं तिथं बसून रायलो. आता इथं कोन बसन?"

बाबा, तुम्ही असता तर टोपलीत हात घातला असता का? लवकर कळवा.

आपली गोंधळलेली लेक,
उमा