सॅकवरची पट्टी

४ नोव्हेंबर

सॅक आली! तो गेल्याला सतरा दिवस झाले, आज त्याच्या ट्रेकचा लीडर घेऊन आला. आत येऊ की नको करत दारातच उभा. नणंदेनं बसवलं त्याला. मी मशीनवरून उठलेच नाही. कोणाची तरी पँट आखूड करत होते, पाय थांबेचनात.

जाताना म्हणाला, "वहिनी, बाहेर लावलेली मॅट सुटली. ती धरायला कड्यावर वाकला आणि तोल गेला. तेवढंच झालं."

तेवढंच!

५ नोव्हेंबर

सॅक कपाटावर ठेवली. पुढची बाजू भिंतीकडे करून.

७ नोव्हेंबर

लिहूनच टाकते. मॅट आत मावत नाही, बाहेर एक पट्टी शिवून दे — आठवडाभर मागे लागला होता. जाडा दोरा संपलेला. दुकान दोन गल्ल्या सोडून, पण मी कंटाळा केला! शर्टाच्या दोऱ्यानंच दुहेरी टीप मारली. गिऱ्हाइकाला असलं काम कधी दिलं नसतं. घरच्या माणसाला काय, चालतं.

वर भांडलेही. निघताना पट्टी ओढून म्हणाला, "टिकेल ना गं? मागे तो खिसा उसवला होता." माझं डोकंच फिरलं. "मग नको वापरूस माझ्या हातचं काही!"

त्यानं पट्टी सोडली. बूट घातले आणि गेला. आमचं शेवटचं बोलणं हे.

१० नोव्हेंबर

काम होत नाही. मारलेली प्रत्येक टीप ओढून बघते, मग उसवते, मग पुन्हा मारते. नणंद म्हणाली, "वहिनी, एकदाची ती सॅक बघून टाक. पट्टी उसवली असेल तर असेल. रोज किती जीव जाळशील?"

भाऊ तिचाही गेलाय. तरी सकाळ-संध्याकाळ मला जेवायला तीच बसवते. पट्टी उसवलेली निघाली तर हिला तोंड कसं दाखवू?

११ नोव्हेंबर

काढली सॅक. बघितली.

पट्टी शाबूत आहे. एक टाका हललेला नाही. आतल्या बाजूची माझी खडूची रेघसुद्धा जशीच्या तशी, पुसटही झालेली नाही. पट्टीतून काही ओवलंच नव्हतं.

मॅट त्यानं खाली सुतळीनं बांधली होती. तुटलेलं टोक अजून लोंबतंय.

इतक्या वर्षांत कधी नाही ते माझं ऐकलं त्यानं.