फ्लुइड मेकॅनिक्सवालं स्थळ

कसबा पेठ, पुणे

आदरणीय ललिताताई,

सप्रेम जयभीम. तुझे गुडघे कसे आहेत? भाऊजींचा खोकला? नागपूरचा उन्हाळा दोघांनाही सोसवतोय असं धरून चालतो, कारण मला एक संशय तातडीने कळवायचाय. (फोनच केला असता, पण या घरात भिंतीआड पूर्वा असते.)

तुझ्याच कॉलनीतल्या घरातलं स्थळ पूर्वासाठी आलंय. मुलगा बुद्धभूषण, इथे पुण्यात इंजिनिअरिंग कॉलेजात शिकवतो. बायोडेटात लिहिलंय, ‘फ्लुइड मेकॅनिक्सच्या पाठ्यपुस्तकाचे लेखक’. पगार फुगवून सांगणारे पुष्कळ पाहिले, हे नवीनच. म्हणून मी बुधवार पेठेत जाऊन ते पुस्तक विकत घेतलं. (दुकानदार माझ्या पांढऱ्या केसांकडे बघून म्हणाला, “बॅकलॉग का, काका?”) मुखपृष्ठावर लेखक तीन, आपला उमेदवार तिसरा. बाकी दोघांनी लिहिलं आणि यानं नुसती प्रुफं तपासली असतील तर? आत दर दुसऱ्या गणितात ‘घर्षण नगण्य माना’. आमच्या पूर्वाशी संसार करायचा आणि घर्षण नगण्य मानायचं! (मुलगी आत्यावर गेलीय असं नम्रता म्हणते, मी नाही.) शिवाय शेवटी उत्तरं दिलीत ती फक्त विषम क्रमांकांची. सम क्रमांकांत काय दडवलंय, ते कोण सांगणार?

पूर्वा आता आयटीत असली तरी डिग्री मेकॅनिकलची. तिच्याकडून मी पाचव्या धड्यातलं सातवं गणित सोडवून घेतलं. उत्तर पुस्तकाशी जुळेना. पुन्हा सोडवायला लावलं, तरी जुळेना. रविवारी मुलगा बघायला आला, तेव्हा मी पोह्यांच्या बशीशेजारी तेच पान उघडून ठेवलं, वर पूर्वानं सोडवलेला कागद. नम्रतानं डोळे वटारले, मी पुस्तकात बघत राहिलो. त्यानं पेन्सिल मागितली आणि पोहे गार होईपर्यंत आकडे मांडत बसला. मग म्हणाला, “काका, यांचं बरोबर आहे. पुस्तकातलं उत्तर चुकलंय. हा धडा मीच लिहिलाय.”

ताई, माझा संशय इथेच बळावला. तीस वर्षं सरकारी नोकरी केली, स्वतःची चूक अशी पटकन कबूल करणारा एक माणूस भेटला नाही. आणि हा तर मुलगी बघायला आलेला!

तेव्हापासून रोज संध्याकाळी त्याचा फोन येतो. पुढच्या आवृत्तीसाठी दोघं सम क्रमांकांची उत्तरं तयार करताहेत म्हणे. मी मेथी निवडायच्या निमित्ताने जवळ बसतो. नुसते पाइप आणि व्हॉल्व्ह. पाइपांवर तासभर हसतं का कुणी?

तेव्हा तू कसून चौकशी कर. घरातही चूक मान्य करतो की फक्त पोह्यांसमोर? आईशी कसा बोलतो? आधी कुठे ठरून मोडलंय का? नम्रतानं जयभीम सांगितलाय.

तुझा धाकटा भाऊ,
ज्ञानदेव

ता.क. शेजारपाजारीही विचार. कामवाल्या बाईंना आधी विचार.

आणखी ता.क. पाकीट चिकटवत होतो, तेवढ्यात पूर्वाला चहा टाकता टाकता गुणगुणताना ऐकलं. कॉलेज सुटल्यापासून या घरात ते ऐकलं नव्हतं. म्हणून सांगतो, चौकशी कर, पण फार खोलात जाऊ नकोस. काही निघालंच, तर ते तिला सांगणं माझ्याच्यानं होणार नाही.