निरोगी बायका

२५ नोव्हेंबर १९४६, सोमवार

पुरुष त्रेपन्न आणि बायका पाच! तोंडाच्या कॅन्सरचे तीन वर्षांतले सगळे रोगी आज काढले, त्यांत बायका एवढ्याच. मी दोनदा मोजले. मग आगाशे डॉक्टरांनी स्वतः मोजले. तेवढेच निघाले.

"शकुंतलाबाई, हे साधं नाही," म्हणाले. टेबलाभोवती फेऱ्या चालल्या होत्या. एका जागी बसून या माणसाला विचारच करता येत नाही. फेब्रुवारीत मुंबईला डॉक्टरांची परिषद आहे, तिथे हे वाचायचं म्हणतात. विलायतेत म्हणे प्रत्येक रोगाची अशी मोजदाद होते. कुठल्या धंद्याच्या माणसांना होतो, कुठल्या मुलखात होतो, बायकांना किती, पुरुषांना किती. आकडे नीट लावले की रोग आपणहून सांगतो, मी कुठून आलो ते! आपल्याकडे माणसं नुसती मरतात.

मॅट्रिक झाल्यापासून मिरजेच्या या दवाखान्यात रोग्यांची नावं लिहिते आहे. सांगलीहून सकाळच्या गाडीनं यायचं, नावं लिहायची, संध्याकाळच्या गाडीनं परत. आज पहिल्यांदा वाटलं, आपण काहीतरी करत होतो.

२७ नोव्हेंबर

माझ्यावर काम आलं! बायका पुरुष डॉक्टरांशी बोलत नाहीत, तेव्हा बायकांना मी विचारायचं. तंबाखू खाता का, किती वर्षं खाता. वॉर्डात या रोगाच्या दोघीच आहेत. पण डॉक्टर म्हणतात, निरोगी बायकांनाही विचारा, नाहीतर ताडून कशाशी बघणार? आता निरोगी बायका कुठून आणायच्या? तर वॉर्डामागच्या झाडाखाली! रोग्यांबरोबर आलेल्या बायका तिथेच राहतात, तीन दगडांच्या चुलीवर रांधतात.

त्यांतली एक भामाबाई. वाळव्याकडची, घरचा ऊस. नवरा नाथाजी पलटणीतला पेन्शनर हवालदार, त्याच्या उजव्या गालात रोग आहे. बोलतो ते आता फक्त तिलाच कळतं. थोरला दीर तात्याबाही सोबत आहे, तो दिवसभर पायरीवर बसून येणाऱ्याजाणाऱ्याला पेन्शनच्या गोष्टी सांगतो. दीर समोर म्हणून बाईच्या तोंडावरचा पदर काही हलत नाही. मी नुसत्या डोळ्यांशीच बोलले. डोळे मात्र मिस्कील आहेत.

"तंबाखू खाता का हो?"

"आवं बाई, मी काय गडी हाय व्हय, तंबाखू खायाला?"

बाकीच्या खदखदून हसल्या. लिहिलं — निरोगी, तंबाखू नाही.

३० नोव्हेंबर

एकीनंही 'हो' म्हटलं नाही. पाटणकडची, शिरवळची, तासगावची, सगळ्या एकच उत्तर देतात, आणि मी खुळ्यासारखं विचारलं म्हणून हसतात. वॉर्डातल्या दोघीही नाहीच म्हणाल्या. डॉक्टर म्हणाले, अशा एकदोन असायच्याच.

डॉक्टर खूष! पुरुष तंबाखू खातात, त्यांना रोग होतो. बायका खात नाहीत, त्यांना होत नाही. इतकं सरळ! एरवी चहासुद्धा स्वतःचा स्वतः पिणारा माणूस, आज मला चहा पाजला. नव्या वर्षात रोग जाळायच्या रेडियमच्या सुया येणार आहेत आणि त्यासाठी वेगळा वॉर्ड होणार आहे. त्यातल्या सगळ्या खाटा पुरुषांना द्यायच्या असं ठरतंय. "बायकांसाठी अडवून कशाला ठेवायच्या? येतात किती!" मलाही ते पटलं. आकडे माझेच होते ना.

२ डिसेंबर

भामाबाईनं भाकरी सोडली आहे! नवऱ्याला भाकरी चावत नाही म्हणून तीही खात नाही. त्याला पेज भरवते आणि भांड्यात उरलेली पेज आमच्याकडे पाठ करून पिते. नर्सबाईंच्या डोळ्यांत पाणीच आलं. म्हणाल्या, सावित्री म्हणतात ती हीच. मी तिला चिडवलं, "अशानं तुम्ही आधी जायच्या!" ती डोळ्यांनी हसली. तात्याबा पायरीवरून म्हणाला, "आमच्या घरान्यातली रीतच हाय ती, बाई." जसं काही यानंच उपास केलाय!

५ डिसेंबर

सकाळी झाडाखाली गेले तर भामाबाई चुलीवर तव्यात काहीतरी भाजत होती. धूर घशात गेला, मला ठसका लागला. वास ओळखीचा. ओळखीचा कसला, आमच्या घरचाच! मिसरी भाजत होती. दुसरी एकजण दातांवर बोट फिरवत शेजारी बसली होती.

"भामाबाई, हा तंबाखू ना?"

"न्हाई वो! मिसरी हाय ही. दातासाटनं."

"पण कशाची करता?"

"तंबाखूची!" असं म्हणाली आणि माझ्याकडे बघत राहिली, हिला एवढंही कळत नाही म्हणून.

एकेकीला पुन्हा विचारलं. मिसरी लावता? "लावतो की! लगीन झाल्यापासनं." दिवसातून दोनदा, चारदा, कामाला जाताना, जेवल्यावर. सगळ्या! एकूण एक! आणि मी प्रत्येकीपुढे 'तंबाखू नाही' लिहून बसलेय.

आणि मी कोण शहाणी? सातवीत असल्यापासून मी लावते. आज सकाळीसुद्धा आईच्या डबीतली लावून गाडी पकडली, आणि दवाखान्यात येऊन त्या बायांना विचारलं, तंबाखू खाता का! कोणी मला विचारलं असतं तर मीही मान वर करून नाहीच म्हटलं असतं.

६ डिसेंबर

डॉक्टरांना भीत भीत सांगितलं. वाटलं, रागावतील. तर टेबलाभोवती दुप्पट जोरात फिरू लागले! म्हणाले, "म्हणजे बायका तंबाखू तोंडात धरतात, तरी त्यांना रोग होत नाही! भाजल्यानं त्यातलं विष जात असेल. कदाचित मिश्री तोंडाचं रक्षणच करत असेल! शकुंतलाबाई, हा तर मोठा शोध आहे!" मुंबईला आता हे वाचायचं. एवढ्या निरोगी बायका, सगळ्या मिसरी लावणाऱ्या — आणखी पुरावा कोणता हवा?

घरी आईला सांगितलं. ती तर राज्य मिळाल्यासारखी! "बघ, मी म्हणत होते. तुझा दादाच नाकं मुरडतो." रात्रीच्या जेवणानंतर दोघींनी निर्धास्त मिसरी लावली.

११ डिसेंबर

देवा, हे काय पाहिलं मी आज!

गाडी लवकर पोचली. नळावर भामाबाई भिंतीकडे तोंड करून चूळ भरत होती. पाणी तांबडं झालं होतं. मिसरीचं काळं पाणी मला माहीत आहे, हे तसलं नव्हतं. मी म्हटलं, बघू. ती पदर घट्ट धरून मागे सरली. पायरीवर दीर होता. शेवटी हाताला धरून चादरींच्या खोलीत नेलं, दार लावून घेतलं आणि म्हटलं, "इथे दीर नाही, कोणी नाही. आ करा."

तिला आ करता येईना! दोन बोटंसुद्धा आत जाईनात. डावा गाल आतून चरत गेलेला. तीन वर्षं मी हे कागदावर लिहितेय, ऐकून ऐकून पाठ झालंय, पण तोंडाच्या आत कधी पाहिलं नव्हतं.

"केव्हापासून?"

"दोन सुग्या झाल्या." म्हणजे नवऱ्याच्या आधीपासून!

"आणि भाकरी?"

"चावंनाच. धन्यानं सोडली तवा बरं झालं. मला बी सोडता आली, कुनी इचारलं न्हाई."

मी ओरडलेच तिच्यावर. इतके दिवस दवाखान्याच्या दारात बसलीस, मी रोज तुझ्याशी बोलते, मला का सांगितलं नाहीस? ती शांतपणे म्हणाली, "तुमी तंबाखूचं इचारलं, बाई. तोंडाचं कवा इचारलं?"

ही बाई माझ्या निरोगींच्या रकान्यात आहे. मी बसवली तिला तिथे. तिच्या डोळ्यांकडे बघून.

१२ डिसेंबर

डॉक्टर खुर्चीत बसले आणि बराच वेळ उठलेच नाहीत. मग म्हणाले, "झाडाखालच्या सगळ्यांची तोंडं बघा. आजच्या आज."

चादरींच्या खोलीत एकेकीला नेलं. काही लाजल्या, एक रडली, बाकीच्यांना गंमत वाटली. एकोणीस बायका. भामाबाई धरून पाचजणींच्या तोंडात काही ना काही आहे. दोघींचे नुसते पांढरे चट्टे, दोघींचं वाढलेलं. तीन वर्षांत वॉर्डात जेवढ्या आल्या तेवढ्या आज एका झाडाखाली!

डॉक्टर म्हणाले, पलटणीतला डॉक्टर आ कर म्हणाला की शिपाई आ करतो. पेन्शनर पडला की पेन्शन बुडेल म्हणून घरचे गाडी जुंपतात. बाई पडली तर? तिनं पदर पुढे ओढला की झालं. "आपण रोग मोजत नव्हतो हो. कोणाला दवाखान्यात आणतात, तेवढंच मोजत होतो." आवाज अगदी बारीक झाला होता. "आणि मी मुंबईला सांगणार होतो, मिश्री लावा म्हणून!"

१४ डिसेंबर

भामाबाईचं ऑपरेशन होण्यासारखं आहे! डॉक्टर म्हणाले, आता केलं तर जगेल, सुगीपर्यंत थांबली तर हात लावता येणार नाही. खाटही काढून दिली. आणि तात्याबा म्हणतो, "घरची बाई खाटंवर निजल्याव नाथाजीला पेज कोन पाजनार? गुऱ्हाळ तोंडाव आलंया." मी म्हटलं, तुम्ही पाजा! तर असं बघितलं माझ्याकडे, जसं काही मी त्याला लुगडं नेसायला सांगितलं!

नाथाजी खाटेवरून हातवारे करून काहीतरी सांगत होता. डोळ्यांतून पाणी गळत होतं त्याच्या. ते फक्त भामाबाईला कळलं. काय म्हणाले, विचारलं तर म्हणाली, "न्हाई, काय न्हाई."

मी तिला सोमवारचं कबूल करून घेतलं. "बगू" म्हणाली. बगू कसलं! हात जोडले मी तिला.

१६ डिसेंबर

गेली! खाट रिकामी, चूल विझलेली. वाळव्याकडे जाणाऱ्या कुणाच्या गाडीत पहाटे बसून गेली म्हणे. नवऱ्याला सांगून गेली, मला एका शब्दानं नाही. नवरा इथेच, दीर इथेच. पेज पातळ झाली म्हणून तात्याबा नर्सबाईंशी भांडतोय. शेवटी पाजावी त्यालाच लागते आहे.

इतका राग आलाय मला. आणि धसकाही. ती मेली तर?

१७ डिसेंबर

आज आईला म्हटलं, आ कर. ती म्हणाली, मी काय लहान आहे? हट्टानं आ करायला लावलं, खिडकीपाशी उजेडात नेऊन बघितलं. स्वच्छ आहे. एक चट्टा नाही! तिच्या गळ्यात पडून मी इतकी रडले की ती घाबरली. डबी उचलून मागच्या गटारात रिकामी केली. मग मात्र जुंपली. ती अजून बोलत नाही माझ्याशी. माझं डोकं मिसरीवाचून इतकं ठणकतंय की मीही बोलण्याच्या लायकीची नाही.

२० डिसेंबर

नाही आली. डॉक्टर रोज विचारतात, आणि मग स्वतःच म्हणतात, "थांबू." खाट अजून कोणाला दिलेली नाही. गुऱ्हाळं सुरू झाली असतील. तीही गेली असेल, ऊस वाहायला.

२३ डिसेंबर

आज दुपारी फाटकातून दोन बैलगाड्या आत आल्या. पुढच्या गाडीत भामाबाई. तोंड सुकलेलं, उभं राहताना तोल जात होता, पण आली! मागून एकेक बाई गालावर पदर दाबून उतरत गेली. म्हाताऱ्या, लेकुरवाळ्या, एक तर जेमतेम विशीची. अकराजणी. पुरुषांच्या वॉर्डात आज या रोगाचे सात आहेत.

मी धावत जाऊन तिचा हात धरला. "सगळ्या बायांना आणलंत, भामाबाई! सगळं गाव आणलंत!"

"समदं न्हाई, बाई," ती म्हणाली. "ज्यांस्नी गाडीत बसवतं, त्येवढ्याच आनल्या."