तांदळाच्या दुकानातला पंचनामा

अब्बा, तुमची सही सापडली आहे, आणि ती सापडल्यापासून मी तुमच्यावर इतकी चिडले आहे की कबरस्तानावरून जाताना मान वळवत नाही. तुम्हाला जाऊन एकोणीस वर्षं झाली. एवढ्या वर्षांत तुमच्याबद्दल वाकडा शब्द कुणाच्या तोंडून ऐकला नाही. तो आता मलाच उच्चारावा लागणार आहे, येत्या गुरुवारी, शपथेवर, ज्या कोर्टात मी रोज काळा कोट घालून उभी राहते त्याच कोर्टात.

मी वकील झाले तेव्हा पहिला कोट तुम्ही शिवून आणला होता. आतला खिसा मोठा ठेवायला सांगितलात. शिंप्यानं कारण विचारलं तर म्हणालात, "पुरावे कुठं ठेवील मग ती?" दुकानात येईल त्याला सांगायचात, पोरगी पोलिसांची वकील होणार आहे. तेव्हा मी हसून सोडून दिलं. आता सांगते, सरकारी वकील पोलिसांचा नसतो. पोलीस तपास करतात, कागद घेऊन येतात, आणि तिथून पुढे खटला आमच्या हातात येतो. कोणता साक्षीदार तपासायचा, कोणता सोडायचा, हे आम्ही ठरवतो. माणूस आत जावा हे आमचं काम नाही. जे घडलं ते कोर्टापुढं ठेवणं, मग ते आरोपीच्या सोयीचं असलं तरी, हे आमचं काम. असं शिकवतात. प्रत्यक्षात दर महिन्याला वरून विचारणा होते, किती खटल्यांत शिक्षा लागली, आणि जे सुटले ते का सुटले याची कारणं लिहून द्यावी लागतात. 'पंच फितूर' हे कारण मी इतक्या वेळा लिहिलं आहे की हात आपोआप चालतो. पंच का फितूर होतात, हा प्रश्न मला कधी जिव्हारी लागला नाही. तुम्ही लावलात.

गेल्या वर्षी बदली होऊन मी आपल्याच तालुक्यात आले. भुशीच्या रस्त्यावरच्या एका बंगल्यातल्या चोरीचा जुना खटला पुन्हा चालू झाला. बंगल्याचा माळी आरोपी. जामिनावर सुटल्यावर घाबरून पळाला, कुठे कुठे वीटभट्ट्यांवर राबला, आणि आईच्या दहाव्याला गावी, परंदवडीला, आला तेव्हा पकडला गेला. पळाला तेव्हा पंचविशीचा होता. आज केस पिकलेत, समोरचे दोन दात नाहीत. एकदा पळालेला म्हणून आता जामीन मिळत नाही. त्याच्याविरुद्ध पुरावा एकच, एक पंचनामा. सकाळी अकरा वाजता 'आम्हां पंचांसमक्ष आरोपीने स्वखुशीने' बंगल्यामागची फणसाखालची जागा दाखवली आणि तिथून दागिने निघाले. खाली दोन सह्या. एक पंच सापडत नाही. दुसऱ्याची चौकशी करून आमचे पैरवीचे हवालदार, म्हणजे साक्षीदार हजर करणारे पोलीस, माझ्या टेबलाशी आले.

"मॅडम, पंच मयत. तांदळाचं दुकान होतं त्याचं."

"मग?"

"मग काय, सही ओळखायला घरचं कुणीतरी उभं करू. एक मुलगी हाय म्हणतात. लग्न करून गेली. सासरचं आडनाव काय ते कुणाला ठाऊक न्हाई. पण काढतो शोधून, तुमी काळजी करू नका."

मी फाइल मागितली. हवालदार समोर उभे होते आणि मी तुमची सही बघत होते. शेवटच्या अक्षराची शेपटी वर नेऊन तिला दिलेला तो वळसा, पोत्यांवर शाईनं नंबर टाकताना द्यायचात तसाच. मी म्हटलं, "शोधू नका. सापडली." त्यांना आधी कळलंच नाही. मग कळलं, आणि ते बिचारे खुर्ची नसलेल्या जागी बसायला गेले.

सही खोटी नव्हती, अब्बा. ती खोटी असती तर मी आज तुमच्या बाजूनं भांडले असते. पण पंचनाम्यावरची तारीख माझ्या लॉच्या प्रवेशाची आहे. त्या दिवशी सकाळी अकरा वाजता तुम्ही पुण्यात माझ्यासोबत फीच्या खिडकीसमोर रांगेत उभे होतात आणि पुढच्या माणसाला विचारत होतात, "ही रांग वकिलांचीच ना?" मी तेव्हाही डायरी लिहायचे. ट्रंक उघडून ते पान काढलं. रांग आहे, फी आहे, परतीची गाडी आहे. आणि शेवटी एक ओळ: 'घरी आलो तर हवालदार दुकानात बसलेले. अब्बांनी भिजल्या चपलांनिशी सह्या केल्या.' एवढंच लिहून मी पुढच्या ओळीत नव्या वह्यांबद्दल लिहिलं आहे.

शिवाय पंचनाम्याच्या दुसऱ्या पानावर एक डाग आहे, गंजाचा, सहा बाजूंचा. बचावाच्या वकिलानं मागे एकदा विचारलं होतं, हे काय आहे म्हणून. कुणालाच सांगता आलं नाही. फणसाखाली बसून लिहिलेल्या कागदावर लोखंडी वजनाचा ठसा कुठून येईल? आपल्या दुकानातली वजनं पावसाळ्यात ओलावा धरून गंजायची, तुम्ही त्यांना दर शुक्रवारी राखेनं घासायला लावायचात. अर्ध्या किलोचं आहे ते. मी मोजून पाहिलं नाही. मोजायची गरज पडली नाही.

राग कशाचा येतो ते सांगते. मी सहावीत असताना शाळेतल्या बाईंना नवा तांदूळ जुना म्हणून दिला होता. त्यांनी विचारलं, जुनाच ना, आणि मी हो म्हटलं, कारण जुन्याचं पोतं मागं होतं आणि उठायचा कंटाळा होता. तुम्ही ते ऐकलंत. भर उन्हात मला दोन किलो जुना तांदूळ देऊन त्यांच्या घरी पाठवलंत, आणि म्हणालात, "दारात उभं राहून सांगायचं, मी खोटं बोलले. नुसता तांदूळ ठेवून पळून यायचं नाही." मी रडत परत आले तेव्हा म्हणालात, "बेटा, तांदळात खोटं चालत नाही. शिजला की कळतं." हेच वाक्य मी माझ्या मुलाला सांगत आले. तराजूला कधी बोट न लावणारे तुम्ही, तुम्हाला कागदात खोटं चाललं? तो कागद शिजायला पंचवीस वर्षं लागली म्हणून ते खोटं नव्हतं का?

मी एकदा विचारलं होतं, या सह्या कशाच्या करता. तेव्हा मी कॉलेजला होते, नुकतीच कलमं पाठ करायला लागले होते. तुम्ही पोत्याला दाभण घालता घालता म्हणालात, "चौकी समोर आहे. सही मागतात, पोतं तर मागत नाहीत." मग थोडं थांबून, "आणि आपण कोण, त्यांना नाही म्हणणारे?" त्या 'आपण'मध्ये काय काय होतं ते मला कळत होतं. आजही कळतं. त्या वर्षांमध्ये बाजारात आपल्या दुकानावरून लोकांनी कधी हळू आवाजात काय म्हटलं, हेही आठवतं. म्हणून मी तुम्हाला माफ करू पाहते, आणि तेवढ्यात तो माणूस समोर येतो.

कारण तो काय म्हणाला ते तुम्ही ऐकलं नाही. न्यायाधीश साहेबांनी विचारलं, पंचांबद्दल काही म्हणायचं आहे का. तो आरोपीच्या पिंजऱ्यातून हात जोडून म्हणाला, "सायेब, तितं पंच कुनीच नव्हतं. त्या तांदूळवाल्या भाऊंस्नी बोलवा हितं. माझी आय त्यांच्याकडनंच तांदूळ न्यायाची. लय खरा मानूस. त्यांनी न्हाई केली सही, ह्यांनी खोटी केली आसंल." तुम्ही वारलात असं सांगितल्यावर तो खाली बसला. त्याची सगळी भिस्त तुमच्यावर होती, अब्बा. पंचवीस वर्षं वीटभट्टीवर तो तुमच्या खरेपणावर जगला असेल.

मी खटला सोडला. साहेबांना सांगितलं, पंच माझे वडील आहेत. डायरीच्या पानाची प्रत पुण्याला वरिष्ठांकडे पाठवली आणि एक त्याच्या वकिलाला दिली. वरिष्ठांचा फोन आला. "डायरी तुमच्याकडे मागितली होती कुणी?" मी म्हटलं, नाही. "मग तुम्ही सरकारच्या वकील आहात का आरोपीच्या?" मी म्हटलं, सर, सरकारची आहे म्हणूनच दिली. ते म्हणाले, "अशी उत्तरं निबंधात बरी दिसतात," आणि फोन ठेवला. चीड मलाही आली, पण त्यांच्यावर पुरी ओतता येईना. कोर्टाच्या व्हरांड्यात घाबरलेल्या पंचांना मी स्वतः किती वेळा म्हटलं आहे, "काका, सही तुमचीच ना? तेवढं सांगा, बाकीचं मी बघते." त्यांतले किती जण खरोखर तिथे उभे होते, हे मी विचारलं नाही. विचारलं असतं तर कारणं लिहून द्यावी लागली असती.

आता त्याच्या वकिलानं मला साक्षीदार म्हणून बोलावलं आहे. सही ओळखीन. रांगेचं सांगीन. डागाचंही सांगीन, दुकानातल्या वजनाचा आहे म्हणून. त्यानं तो सुटेल असं वाटतं. हे पत्र लिहून झालं की ट्रंकेत डायरीखाली जाईल. ते कुठं पाठवायचं आहे!

एक गोष्ट मात्र डायरीत नाही. त्या संध्याकाळी पंखा चालू होता, कागद उडत होते, हवालदार एका हातानं ते सावरत होते आणि तुम्हाला सही करता येत नव्हती. घरातून चहा घेऊन मी आले होते. पहिलं पान मी वाचलं होतं, अब्बा. अकरा वाजता, हे मी वाचलं होतं. दुसऱ्या पानावर ते वजन मी ठेवलं.